अक्रा ते एन्क्रोफुल: क्वामे एन्क्रुमांच्या वाटेवर सहा दिवस

घानाला जाणारे बहुतेक जण केप कोस्टचे किल्ले बघतात, काकुमच्या जंगलातला झुलता पूल चालतात आणि परत फिरतात. स्वतंत्र घानाचे पहिले पंतप्रधान आणि पहिले राष्ट्राध्यक्ष क्वामे एन्क्रुमा त्यांच्या वाट्याला येतात ते समाधीपाशी काढलेल्या एका फोटोपुरते. या माणसाचं आयुष्य मात्र नकाशावर सरळ मांडता येतं. गिनीच्या आखाताचा किनारा धरून पूर्वेकडून पश्चिमेकडे जात राहिलं की ते शेवटाकडून सुरुवातीकडे उलगडतं. आधी थडगं, मग सत्ता, मग तुरुंग, शाळा आणि शेवटी जन्मगाव. हा उलटा क्रम हौसेचा नाही. विमान अक्रालाच उतरतं आणि पश्चिमेचा रस्ता लांबचा, त्यामुळे तो शेवटी ठेवलेला बरा.

सांगाडा आधीच लक्षात ठेवावा. जन्म १९०९, शिक्षणासाठी अमेरिका १९३५, परत १९४७ च्या डिसेंबरात. पुढच्या सव्वातीन वर्षांत तुरुंग आणि सत्ता दोन्ही. १९५७ ला स्वातंत्र्य, १९६० ला प्रजासत्ताक, १९६६ ला लष्करी बंड, १९७२ ला परदेशात मृत्यू.

निघण्यापूर्वीची एक गोष्ट चुकली तर पुढचं सगळं फिसकटतं: पिवळ्या तापाची लस. ती घेतल्यानंतर दहाव्या दिवसापासून प्रमाणपत्र लागू धरतात, म्हणून व्हिसाच्या अर्जाआधीच टोचून घ्यावी. भारतीय पासपोर्टला व्हिसा दिल्लीच्या घाना उच्चायुक्तालयातून घ्यावा लागतो. मुंबईहून आदिस अबाबामार्गे जाणं सोपं पडतं. मलेरियाच्या गोळ्या डॉक्टरांना विचारून प्रवासाआधी सुरू कराव्यात. प्लग ब्रिटिश पद्धतीचा, चौकोनी तीन पिनांचा असतो. आपला गोल पिनांचा तिथे धड बसत नाही. डिसेंबर ते फेब्रुवारी सहारातून धुळीचा हरमातान वारा येतो आणि आकोसोम्बोच्या धरणावरून समोरचा काठही दिसत नाही. मे-जूनमध्ये पश्चिम टोकाला धो धो पाऊस. ऑगस्ट किंवा नोव्हेंबर उत्तम.

पहिला दिवस: समाधी आणि जेम्स टाउन

विमानतळापासूनच गंमत सुरू होते. एन्क्रुमांना उलथून टाकणाऱ्यांपैकी एक होता इमॅन्युएल कोटोका. १९६७ च्या एप्रिलमध्ये उलट बंडाच्या प्रयत्नात तो याच परिसरात मारला गेला आणि १९६९ मध्ये विमानतळाला त्याचं नाव दिलं गेलं. ते काढून टाकण्याची मागणीही जुनीच. गावात शिरताना ज्या मोठ्या चौकातून बस बदलावी लागते, त्याचं नाव मात्र क्वामे एन्क्रुमा सर्कल. ट्रोट्रो म्हणजे तिथली वडाप. तिचा किन्नर, म्हणजे ‘मेट’, दारात लोंबकळत ‘सर्क-सर्क-सर्क’ ओरडतो तेव्हा याच चौकाला हाक मारत असतो. गाडी भरल्याशिवाय हलत नाही. डाव्या हाताने पैसे देऊ नयेत, उद्धटपणा समजतात.

नोटा हातात आल्या की नीट बघाव्यात. सेडी हे चलन एन्क्रुमांच्याच सरकारने जुलै १९६५ मध्ये आणलं, त्यांच्या चित्रासह. शब्द अकान भाषेतला, मूळ अर्थ कवडी. बंडानंतर चित्र पुसायचं म्हणून १९६७ ला ‘नवी सेडी’ काढली. आजच्या बऱ्याचशा नोटांवर सहा चेहरे आहेत, त्यांना ‘बिग सिक्स’ म्हणतात. त्यांतले एक एन्क्रुमा. बाकी पाचांपैकी काहींचं पुढे त्यांच्याशी काय झालं ते दुसऱ्या दिवशी.

समाधी हाय स्ट्रीटवर, जुन्या पोलो मैदानात आहे. ५ मार्च १९५७ च्या मध्यरात्री, म्हणजे ६ मार्च लागताना, इथेच लाकडी मंचावरून एन्क्रुमांनी स्वातंत्र्य जाहीर केलं. अंगात उत्तर घानाचा जाड विणीचा सदरा, ‘फुगू’, आणि डोक्यावर ‘पी. जी.’ अक्षरांची टोपी. पी. जी. म्हणजे ‘प्रिझन ग्रॅज्युएट’, तुरुंगाचा पदवीधर. इंग्रजांच्या काळात हे मैदान गोऱ्यांच्या खेळासाठी राखीव होतं, त्यामुळे जागेची निवड हेच निम्मं भाषण होतं.

इमारत डॉन आर्थर या वास्तुविशारदाची, इटालियन संगमरवरातली, १९९२ ची. कुणाला ती जमिनीत उलटी खुपसलेली तलवार वाटते, कुणाला छाटलेल्या झाडाचा बुंधा. शेजारी पत्नी फातिया यांची कबर आहे, त्या मूळच्या इजिप्तच्या. पण खरी बघण्याची चीज मागच्या बाजूला उभी आहे. जुन्या संसदेसमोरचा मूळ पुतळा २४ फेब्रुवारी १९६६ च्या बंडात फोडला गेला. धड एका चौथऱ्यावर आहे, हात तुटलेले. मुंडकं शेजारी वेगळ्या छोट्या चौथऱ्यावर. ते कुणा नागरिकाने इतकी वर्षं जपून ठेवलं होतं आणि २००९ मध्ये परत आणून दिलं. दुरुस्त करून जोडणं शक्य होतं, तरी जोडलं नाही. घानाने घेतलेल्या चांगल्या निर्णयांत हा धरायला हरकत नाही. आवारात त्यांची निळी कॅडिलॅक गाडीही आहे, गंजलेली.

संग्रहालय दुरुस्तीनंतर जुलै २०२३ मध्ये पुन्हा उघडलं. परदेशी पाहुण्यांना तिकीट वेगळं आणि महाग. दोन तास पुरतात.

तिथून हाय स्ट्रीटने पश्चिमेला चालत गेलं की अर्ध्या तासाच्या आत जेम्स टाउन. इथला जेम्स फोर्ट इंग्रजांनी १६७३ मध्ये बांधला आणि २००८ पर्यंत तो तुरुंग होता. आत सोडतील याची खात्री नसते. दीपगृहापाशी वाटाडे मागे लागतात, त्यांच्याशी दर आधी ठरवून घ्यावा, नाहीतर शेवटी ‘देणगी’चा आकडा फुगतो. बाहेरूनही जागा समजते: जाड भिंत, खाली कोळीवाडा, सुकत घातलेली मासळी.

जानेवारी १९५० मध्ये एन्क्रुमांनी ‘पॉझिटिव्ह ॲक्शन’ पुकारली. संप, बहिष्कार, असहकार. गांधींच्या पद्धतीचा प्रभाव त्यांनी उघड मान्य केला होता. सरकारने त्यांना पकडून इथे टाकलं. चिठ्ठ्या संडासच्या कागदावर लिहून बाहेर जायच्या आणि बाहेर त्यांचे सहकारी कोमला ग्बेडेमा पक्ष चालवायचे. शिक्षा एकूण तीन वर्षांची, पण एकेक वर्षाचे तीन तुकडे करून दिलेली. निवडणुकीला अपात्र ठरायचं तर एकच शिक्षा वर्षाहून मोठी असावी लागे. ही फट सापडताच तुरुंगातूनच अर्ज भरला गेला. ८ फेब्रुवारी १९५१ च्या मतदानात अक्रा मध्य मतदारसंघात २३,१२२ पैकी २२,७८० मतं एन्क्रुमांना पडली. चार दिवसांनी, १२ तारखेला, गव्हर्नर चार्ल्स आर्डेन-क्लार्क यांनी त्यांना सोडलं आणि सरकार बनवायला बोलावलं. आर्डेन-क्लार्क यांचा हा शहाणपणा दुर्लक्षित राहतो. केनियात त्यानंतर पुढच्याच वर्षी इंग्रजांनी आणीबाणी लावून जोमो केन्याटांना तुरुंगात टाकलं, ते आठवलं की त्याची किंमत कळते.

रात्री जेवायला वाच्ये शोधावं. भात आणि चवळी एकत्र शिजवलेली, ज्वारीच्या पानांनी तांबूस रंग आलेला. शाकाहारी माणसाला आपल्या चवळीभाताची आठवण येईल, पण वर ओततात त्या ‘शितो’ या काळ्या तिखटात सुकी कोळंबी आणि मासळी असते. ते नको म्हणून आधीच सांगावं.

दुसरा दिवस: किल्ला, चौक आणि मुंबईकरांनी बांधलेलं घर

सकाळी ओसूच्या ख्रिश्चन्सबोर्ग किल्ल्याकडे. बांधला डॅनिश लोकांनी, वापरला इंग्रज गव्हर्नरांनी आणि मग एन्क्रुमांनीही. गुलामांच्या कोठड्यांवर उभ्या घरात राहायला गेल्याबद्दल त्यांच्यावर टीका झाली ती अकारण नव्हती. प्रवेशाचे नियम बदलत राहतात, आदल्या दिवशी चौकशी करावी. पहारा असेल तिथे कॅमेरा काढू नये, हे अक्राभर लागू.

किल्ल्याकडे येणाऱ्या रस्त्यावरच्या तिठ्यापाशी २८ फेब्रुवारी १९४८ ला दुसऱ्या महायुद्धातून परतलेले सैनिक थकलेल्या भत्त्यांसाठी अर्ज द्यायला निघाले होते. पोलिस अधिकाऱ्याने गोळीबार केला, ॲजेटे, ॲटिपो आणि ओडार्टे लॅम्प्टे हे तिघे गेले. शहर पेटलं. गोल्ड कोस्ट हे घानाचं इंग्रजी अमलातलं नाव. सरकारने युनायटेड गोल्ड कोस्ट कन्व्हेन्शन या पक्षाच्या सहा पुढाऱ्यांना उचललं, तेच नोटांवरचे बिग सिक्स. दंग्याशी त्यांचा थेट संबंध नव्हता, पण अटकेने त्यांना नेते केलं.

या सहांची पुढची कथा कडवट आहे. एन्क्रुमांचं नाव सुचवून त्यांना लंडनहून बोलावून घेतलं एबेनेझर आको-ॲजेई यांनी. जे. बी. डांक्वा हे त्या संघटनेतले ज्येष्ठ. १९४९ मध्ये एन्क्रुमा फुटून निघाले आणि १२ जूनला त्यांनी कन्व्हेन्शन पीपल्स पार्टी काढली. १९५८ मध्ये खटल्याशिवाय पाच वर्षं डांबता येईल असा स्थानबद्धतेचा कायदा आला. १ ऑगस्ट १९६२ ला कुलुंगुगु इथे एन्क्रुमांवर बाँब टाकला गेला, आरोपींत आको-ॲजेई. न्यायालयाने निर्दोष ठरवलं, तर एन्क्रुमांनी सरन्यायाधीशच काढून टाकले आणि खटला पुन्हा चालवला. फाशीची शिक्षा झाली, पुढे ती कमी केली. डांक्वा ४ फेब्रुवारी १९६५ ला न्सावाम तुरुंगात स्थानबद्धतेतच वारले. समाधीच्या संग्रहालयात याला जेवढी जागा मिळाली आहे, ती पुरेशी नाही.

ब्लॅक स्टार चौक १९६१ चा. भर दुपारी तिथे सावली नाही, म्हणून दहाच्या आत उरकावा. जवळच ‘जॉब ६००’ नावाचा बारा मजली टॉवर आहे. १९६५ च्या आफ्रिकी एकता संघटनेच्या परिषदेसाठी तो घाईने उभारला, कोकोचे भाव कोसळत असताना. आता संसद सदस्यांची कार्यालयं तिथे आहेत. खजिना रिकामा आणि परिषदेचा थाट मोठा, हा आरोप बंडवाल्यांनी या इमारतीकडे बोट दाखवूनच केला.

जुन्या फ्लॅगस्टाफ हाउसच्या जागी आज ज्युबिली हाउस, म्हणजे राष्ट्राध्यक्षांचं कार्यालय आहे. एन्क्रुमांचं निवासस्थान इथेच होतं आणि बंडाच्या पहाटे सर्वात जोराची लढाई इथे झाली. आजची इमारत २००८ मध्ये भारताने दिलेल्या कर्जातून झाली आणि बांधली मुंबईच्या शापूरजी पालनजींनी. फोटो मनाई कडक आहे, टॅक्सीच्या खिडकीतूनही नाही. दुसरा भारतीय धागा लेगॉनच्या विद्यापीठात तुटला: २०१६ मध्ये बसवलेला गांधींचा पुतळा आफ्रिकी लोकांविषयीच्या त्यांच्या सुरुवातीच्या लेखनावरून आक्षेप आल्यावर डिसेंबर २०१८ मध्ये हलवला गेला. ज्या देशाचा नेता त्यांची पद्धत उचलून जिंकला, तिथेच.

संध्याकाळ अमेरिकेतले कृष्णवर्णीय विचारवंत डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस यांच्या घराला द्यावी. एन्क्रुमांच्या निमंत्रणावरून ते १९६१ मध्ये इथे आले आणि १९६३ मध्ये इथेच वारले.

तिसरा दिवस: आकोसोम्बो

अक्राहून सुमारे १०० किलोमीटर, दोन-अडीच तास. स्वतंत्र गाडी केली तर परतताना टेमा बंदरही बघून होतं. ट्रोट्रोने गेलात तर टेमा सोडून द्या. धरण बघायला व्होल्टा नदी प्राधिकरणाच्या पाहुणे कार्यालयातून वाटाड्यासह जावं लागतं. ऐनवेळी गेलं तर शाळेच्या सहलींमागे ताटकळावं लागतं, आदल्या दिवशी फोन केलेला बरा.

एन्क्रुमा समजून घ्यायचे तर समाधीपेक्षा ही जागा महत्त्वाची. दगडभरावाचं धरण, उंची ११४ मीटर, लांबी ६६० मीटर. उंचीत आपल्या कोयनेहून थोडंच वरचढ, पण मागचं पाणी ८,५०२ चौरस किलोमीटर, म्हणजे अख्ख्या रत्नागिरी जिल्ह्याहून जास्त. सुमारे ८०,००० माणसं उठवून ५२ नव्या वसाहतींत हलवली. वसाहतीत मूळ घराचा गाभा बांधून दिला, उरलेलं ज्याचं त्याने वाढवावं अशी कल्पना होती. जमीन आणि पैसा वेळेत न मिळाल्यामुळे पुष्कळ लोक निघून गेले. धरणग्रस्तांची ही कहाणी आपल्याला नवी नाही.

मूळ बेत असा होता की घानाच्याच डोंगरांतलं बॉक्साइट काढायचं, त्याचा अल्युमिना करायचा आणि व्होल्टाच्या विजेवर टेमात ॲल्युमिनियम बनवायचं. निम्मा खर्च घानाचा, बाकी जागतिक बँक, अमेरिका आणि ब्रिटन यांचं कर्ज. कर्ज मिळायला विजेचा खात्रीचा गिऱ्हाईक लागत होता आणि तो एकच होता: अमेरिकी कैसर कंपनीच्या पुढाकारातली व्हॅल्को भट्टी. एकुलत्या गिऱ्हाइकाने अटी घातल्या. वीज दीर्घ मुदतीच्या करारात अतिशय स्वस्त, आणि अल्युमिना बाहेरून आयात. घानाचं बॉक्साइट डोंगरातच राहिलं. वीज आली, पण ज्या साखळीसाठी धरण मांडलं तिचा मधला दुवाच जुळला नाही.

उद्घाटन २२ जानेवारी १९६६ ला झालं. तेहतिसाव्या दिवशी बंड झालं. एन्क्रुमा तेव्हा व्हिएतनामच्या शांततेसाठी हनोईला निघालेले, पेकिंगमध्ये होते. मायदेशी पाय ठेवणं पुन्हा घडलं नाही.

विजेचं पुढचं प्रकरण तुम्हाला हॉटेलात भेटेल: ‘दुमसॉर’. च्वी भाषेत दुम म्हणजे विझव आणि सॉ म्हणजे पेटव, दोन्ही मिळून भारनियमन. तलावाची पातळी खाली गेली की हे व्हायचं, आता इंधनाचे थकलेले पैसेही कारण असतात. पाणी जास्त झालं तर उलटी आपत्ती: २०२३ च्या सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये विसर्ग करावा लागला आणि खालच्या खोऱ्यातली हजारो माणसं बेघर झाली.

तलावात पोहू नका, काठाच्या उथळ पाण्यात पायही बुडवू नका. नदी थांबली तेव्हा गोगलगाई वाढल्या आणि त्यांच्यामार्फत बिल्हार्झिया हा कृमींचा रोग पसरला. कृमी त्वचेतूनच शिरतात.

परतीला अटिम्पोकूला थांबावं. तिथला आडोमी पूल १९५७ चा, पोलादी कमानीचा. पुलापाशी बायका टोपल्या घेऊन गाड्यांना गराडा घालतात: मक्याचे उकडलेले ‘आबोलो’ आणि कुरकुरीत तळलेली बोटभरही नसलेली मासळी, नाव ‘वन मॅन थाउजंड’. एकट्याने हजार खाव्यात इतकी छोटी.

चौथा दिवस: सॉल्टपाँड, केप कोस्ट, एल्मिना

पहाटे पाचला निघा. मल्लम ते कसोआ हा अक्राबाहेर पडतानाचा पट्टा उशीर झाला तर दोन तास खातो. पश्चिमेच्या गाड्या कनेशीहून सुटतात. एसटीसीची मोठी बस जास्त बरी. नाव ऐकून आपली एस.टी. आठवते, आणि तीही मूळची सरकारीच.

सॉल्टपाँड शंभरेक किलोमीटरवर, छोटं आणि झोपाळू. ४ ऑगस्ट १९४७ ला युनायटेड गोल्ड कोस्ट कन्व्हेन्शनची स्थापना इथे झाली आणि परत आल्यावर सरचिटणीस म्हणून एन्क्रुमा इथे कामाला बसले. बघायला फारसं काही नाही, तरी तारीख महत्त्वाची. २१ सप्टेंबर हा एन्क्रुमांचा जन्मदिवस २००९ पासून संस्थापकाचा दिवस म्हणून पाळत. २०१९ मध्ये डांक्वांच्या परंपरेतल्या सरकारने तो ४ ऑगस्टला नेला आणि संस्थापकांचा दिवस केला. २०२५ मध्ये एन्क्रुमांना मानणाऱ्या सरकारने पुन्हा २१ सप्टेंबर आणला. ‘संस्थापकाचा’ की ‘संस्थापकांचा’, सगळा झगडा एका अनुस्वाराचा. सुट्टीच्या दिवसांचं नियोजन करताना चालू वर्षाची यादी तपासूनच घ्या.

केप कोस्टचा किल्ला सगळेच बघतात. एल्मिनात थांबायचं कारण वेगळं: अक्राच्या अचिमोटा महाविद्यालयातून १९३० मध्ये शिक्षक होऊन बाहेर पडलेले एन्क्रुमा पहिल्यांदा इथल्या कॅथलिक शाळेत लागले. किल्ला पोर्तुगीजांचा, १४८२ चा, गोवा घेण्याच्या अठ्ठावीस वर्षं आधीचा. मुक्काम इथेच करावा, केप कोस्टपेक्षा शांत.

कुमासी, म्हणजे असांते (अशांती) लोकांची राजधानी, या सहलीत नाही, आणि ती उणीव आहे. १९५४ मध्ये सरकारने कोकोचा खरेदी भाव ६० पौंडी ओझ्याला ७२ शिलिंग असा गोठवला. जागतिक भाव बराच वर होता, फरक विकासासाठी सरकारजमा. शेतकरी बिथरले आणि त्याच वर्षी कुमासीत नॅशनल लिबरेशन मूव्हमेंट उभी राहून संघराज्य मागू लागली. १९५६ ला फेरनिवडणूक घ्यावी लागली. १०४ पैकी ७१ जागा घेऊन एन्क्रुमा जिंकले, पण असांते लोकांचा त्यांच्यावरचा राग टिकला. दोन दिवस जास्त असतील तर जरूर जा.

पाचवा दिवस: ताकोराडी, ॲक्सिम

ताकोराडीपर्यंत रस्ता चांगला. १९३५ मध्ये याच बंदरातून एन्क्रुमा ‘अपापा’ बोटीने लिव्हरपूलला आणि पुढे अमेरिकेला गेले. पैसे लागोसच्या नातलगाकडून आणलेले. पेनसिल्व्हेनियाच्या लिंकन विद्यापीठात दहा वर्षांच्या मुक्कामाची सुरुवात झाली. बंदरात भटकू देत नाहीत, दुपारी पुढे निघावं.

ॲक्सिमच्या शाळेत ते शिकवायचे तेव्हा त्यांना एस. आर. वूड भेटले, ब्रिटिश पश्चिम आफ्रिका राष्ट्रीय काँग्रेसचे सचिव. राजकारणाची पहिली शिकवणी त्यांची. गाव घानातल्या सर्वात पावसाळी पट्ट्यात आहे, कपडे वाळत नाहीत. जेवणात आच्येके मागा, कसाव्याचा वाफवलेला रवा. एन्झेमा लोकांची ही खासियत. एटीएमवर भिस्त ठेवू नका, रोख ताकोराडीतच काढा.

सहावा दिवस: एन्क्रोफुल

ॲक्सिमहून एलुबोच्या रस्त्याने एसियामा, तिथून उत्तरेला काही किलोमीटर सामायिक टॅक्सीने. गाव लहान, पुतळा मोठा. आई न्यानिबा फेरीवाली व्यापारी, वडील हाफ असिनीत सोनार. जन्मघराची जागा दाखवतात आणि तिथेच एक रिकामी समाधी आहे. बुखारेस्टमध्ये २७ एप्रिल १९७२ ला मृत्यू झाल्यावर देह आधी गिनीत कोनाक्रीला पुरला, कारण गिनीचे अध्यक्ष सेकू तुरे यांनी त्यांना तिथे सहअध्यक्ष केलं होतं. जुलैत तो इथे आणला आणि १९९२ मध्ये अक्राला नेला. तीन वेळा पुरलेला माणूस.

पाटीवर जन्मतारीख २१ सप्टेंबर १९०९ असेल. ती बाप्तिस्मा देणाऱ्या पाद्र्याने अंदाजाने लिहिलेली. क्वामे हे नाव शनिवारी जन्मलेल्या मुलाचं, आणि त्या वर्षीची २१ सप्टेंबर मंगळवारी येते. एन्क्रुमांनी स्वतः हिशेब करून १८ तारीख काढली होती, तो शनिवार. सुट्टी मात्र एकवीसलाच मिळते.

वेळ असेल तर बेयिनहून नावेने पाण्यावरचं न्झुलेझो गाव बघता येतं, पण मग मुक्काम पश्चिमेलाच करावा. नाहीतर दुपारी दोनपर्यंत एसियामाच्या तिठ्यावर परत या. टॅक्सी चौथा उतारू मिळेपर्यंत सुटत नाही आणि ताकोराडीहून अक्राचं संध्याकाळचं विमान गाठायचं असतं. पिवळ्या तापाचं कार्ड तळाच्या बॅगेत टाकू नका. मुंबईला उतरल्यावरही ते मागतात, आणि नसेल तर सहा दिवस विलगीकरणात ठेवू शकतात.